फासलेनचा पाणबुडी तळ आणि नवी पेठेतले चार रविवार : एका अभ्यासवर्गाविषयी अभिप्राय

सोलापुरात स्पर्धा परीक्षांचे वर्ग पुष्कळ आहेत आणि त्यांपैकी बहुतेकांची रीत ठरून गेलेली आहे: छापील टिपणे, पाठ करायच्या तारखा आणि आठवड्याला एक सराव चाचणी. त्यामुळे नवी पेठेतल्या एका लहानशा अभ्यासकेंद्राने स्कॉटलंडमधल्या फासलेन येथील अणुपाणबुड्यांच्या तळावर, केवळ त्या एका तळावर, चार रविवारांचा स्वतंत्र वर्ग ठेवला आहे, असे माझ्या नातीने सांगितले तेव्हा मला आनंद झाला आणि थोडी शंकाही आली. एकतीस वर्षे मी शाळेत भूगोल शिकवला. एखाद्या ठिकाणाचा मुळापासून अभ्यास केला तर त्यातून सगळे जग उलगडू लागते असे माझे मत आहे, पण तसा अभ्यास करवून घेणारे शिक्षक क्वचितच भेटतात. पहिल्या रविवारी नातीला सोडायला म्हणून गेलो, मागच्या खुर्चीवर टेकलो, आणि मध्यंतरात खाली उतरून स्वतःच्या नावाने सहाशे रुपयांची पावती फाडून घेतली. चारही रविवार पूर्ण झाल्यावर हा अभिप्राय लिहितो आहे.

जागेबद्दल फारसे लिहिण्यासारखे नाही. कापडाच्या दुकानावरची माडी, चाळीसेक खुर्च्या, सकाळी नऊ ते साडेअकरा अशी वेळ. जिना अरुंद आहे, तेव्हा वयस्करांनी कठडा धरूनच चढावे. वर्ग घेणाऱ्या मॅडम तरुण आहेत, पूर्व भागातल्या मुलांशी मध्येच तेलुगूतून बोलतात, आणि प्रश्न विचारणाऱ्याला कधी खाली बसवत नाहीत.

पहिला रविवार इतिहासाचा होता. मॅडमनी सुरुवात अणुबाँबपासून न करता भंगारापासून केली, आणि ती निवड मला फार आवडली. दुसऱ्या महायुद्धात इंग्लंडच्या दक्षिण आणि पूर्व किनाऱ्यावरची बंदरे जर्मन बाँबफेकीच्या टप्प्यात आली, तेव्हा क्लाइड नदीच्या मुखाजवळच्या गेअर लॉख या चिंचोळ्या खाडीत, फासलेन येथे, 1941 मध्ये लष्करी बंदर उभारले गेले. युद्ध संपल्यावर तेथे जुनी जहाजे तोडण्याचा धंदा सुरू झाला. ब्रिटिश नौदलाची अखेरची बॅटलशिप ‘व्हॅन्गार्ड’ 1960 साली तोडण्यासाठी आणली गेली ती इथेच. तीन दशकांनंतर त्याच खाडीत ‘व्हॅन्गार्ड’ नावाची दुसरी नौका येऊन राहिली. ती पाण्याखालून चालणारी होती आणि तिच्या पोटात क्षेपणास्त्रांच्या सोळा नळ्या होत्या. एवढ्या एका नावावरून मॅडमनी नौदलाच्या ताकदीचे केंद्र तोफेकडून क्षेपणास्त्राकडे कसे सरकले ते दाखवले. तारखांची यादी देऊन ते कळले नसते.

मधली कथाही त्यांनी नीट जुळवली. ब्रिटनला अमेरिकेकडून स्कायबोल्ट नावाचे, विमानातून सोडायचे क्षेपणास्त्र मिळणार होते. अमेरिकेने 1962 मध्ये तो प्रकल्प गुंडाळला, आणि त्याच डिसेंबरमध्ये बहामा बेटांवरील नासाऊ येथे पंतप्रधान हॅरॉल्ड मॅकमिलन यांनी अध्यक्ष जॉन केनेडी यांच्याकडून त्याऐवजी पाणबुडीतून सोडायचे पोलॅरिस क्षेपणास्त्र पदरात पाडून घेतले. विक्रीचा करार 1963 च्या एप्रिलमध्ये झाला. म्हणजे आधी शस्त्र ठरले, शस्त्रामुळे पाणबुडी ठरली, आणि पाणबुडी ठेवायची कोठे म्हणून शेवटी खाडी शोधली गेली. जवळच्याच होली लॉखमध्ये अमेरिकेच्या पोलॅरिस पाणबुड्या 1961 पासून होत्या आणि त्या 1992 पर्यंत राहिल्या, ही गोष्ट आपल्याकडे फारशी कोणाला ठाऊक नसते. फासलेनचा नवा तळ 1968 मध्ये सुरू झाला, ‘रेझोल्यूशन’ ही पाणबुडी त्याच वर्षी जूनमध्ये पहिल्या गस्तीवर गेली, आणि 1969 च्या एप्रिलपासून आजपर्यंत ब्रिटनची निदान एक अण्वस्त्रधारी पाणबुडी कोठेतरी समुद्रात असतेच. पोलॅरिसच्या जागी ट्रायडंट आणण्याचा निर्णय 1980 मध्ये झाला, त्याच्या अधिक पल्ल्याच्या डी-5 या प्रकाराची निवड 1982 मध्ये झाली, आणि नवी ‘व्हॅन्गार्ड’ 1994 च्या डिसेंबरमध्ये पहिल्या गस्तीवर निघाली. विमानातून टाकायचे अणुबाँब 1998 मध्ये मोडीत काढल्यापासून ब्रिटनची सगळी अण्वस्त्रशक्ती या एका तळावरच्या चार पाणबुड्यांवर अवलंबून आहे. या ठिकाणी मॅडम थांबल्या आणि फळ्यावर फक्त ‘चार’ हा आकडा लिहिला. तो पुढचे तीन रविवार तसाच राहिला.

दुसऱ्या रविवारासाठी मात्र मी हे शुल्क दुप्पट असते तरी भरले असते. टेबलावर फासलेनच्या परिसराचा एकास पन्नास हजार प्रमाणाचा नकाशा पसरलेला होता आणि त्यावर तीन रंगांच्या दोऱ्यांचे तुकडे ठेवले होते. चादरीच्या मागावरचे सूत होते ते, एका विद्यार्थ्याने घरून आणलेले. मॅडमनी एकेका मुलाला बोलावून पहिला दोरा फासलेनपासून शेजारच्या लॉख लाँग या खाडीवरच्या कूलपोर्टपर्यंत, म्हणजे अण्वस्त्रांच्या कोठारापर्यंत, डोंगरावरून सरळ ताणायला लावला. तो आठ-नऊ सेंटिमीटर भरला, म्हणजे चार किलोमीटरच्या आसपास. दुसरा दोरा रस्त्याच्या वळणावळणाने, खाडीच्या डोक्याशी असलेल्या गेअरलॉखहेड गावावरून नेला. तो सव्वीस सेंटिमीटरच्या जवळ गेला, म्हणजे सुमारे 13 किलोमीटर. तिसरा दोरा पाण्यावरून न्यायचा होता: गेअर लॉखमधून दक्षिणेला, ऱ्हू गावाजवळच्या अरुंद तोंडातून बाहेर, रोझनीथ द्वीपकल्पाला पूर्ण वळसा घालून पुन्हा उत्तरेला लॉख लाँगमध्ये. तो दोरा पुरलाच नाही. त्याला दुसरा तुकडा जोडावा लागला. माझी नात ती गाठ मारत होती, आणि ती मारता मारताच म्हणाली, ‘‘म्हणजे दोन तळ आहेत. आपण एकच समजत होतो.’’

या वर्गाचे सारे मोल त्या गाठीत आहे असे मी म्हणेन. फासलेनविषयी वृत्तपत्रांत जे छापून येते त्यात पाणबुडीचे छायाचित्र असते, कारण पाणबुडी दिसते. पण राजकीय भवितव्याचा प्रश्न पाणबुडीचा नाही. अणुशक्तीवर चालणारी नौका आज येथून निघून उद्या प्लिमथच्या डेव्हनपोर्ट गोदीत जाऊ शकते. तिची मोठी दुरुस्ती होते तीही तिथेच. अडचण आहे ती कूलपोर्टची. तिथे लॉख लाँगच्या काठावर, डोंगराच्या पोटात, अण्वस्त्रांची कोठारे आहेत. ट्रायडंट क्षेपणास्त्रे ब्रिटन अमेरिकेबरोबरच्या सामायिक साठ्यातून घेतो आणि ती अमेरिकेतील जॉर्जिया राज्यातल्या किंग्ज बे येथे पाणबुडीत भरली जातात. त्यांच्या टोकाशी बसवायची वॉरहेड, म्हणजे प्रत्यक्ष स्फोट घडवणारी अण्वस्त्रे, मात्र ब्रिटनची स्वतःची असतात. ती दक्षिण इंग्लंडमधल्या ऑल्डरमास्टन आणि बर्गफील्ड येथे तयार होतात, लष्करी ताफ्यातून रस्त्याने स्कॉटलंडला येतात, आणि कूलपोर्टच्या तरंगत्या काँक्रीटच्या धक्क्यावर, छताखाली, क्षेपणास्त्रांवर चढवली जातात. हा धक्का तरंगता का, असे एका मुलाने विचारले. भरती-ओहोटीबरोबर पाणबुडी आणि धक्का दोन्ही एकदम वरखाली व्हावेत, म्हणजे काम करताना त्यांच्यातले अंतर बदलत नाही, असे मॅडमनी पाण्याच्या बादलीत दोन डबे सोडून दाखवले. मी शाळेत भरती-ओहोटी इतक्या वर्षांत इतकी सोपी करून सांगितली नव्हती.

भूगोलाच्या शिक्षकाला इथे बोलावेसे वाटणारच, म्हणून एक गोष्ट सांगतो. स्कॉटलंडच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या या ‘लॉख’ म्हणजे हिमनद्यांनी कोरलेल्या खोल दऱ्या आहेत, ज्यांत नंतर समुद्र शिरला. काठाला लागूनच खोली मिळते, दोन्ही बाजूंना उंच डोंगर असतात, आणि तोंडाशी गेले की काही तासांत खुला अटलांटिक. शिवाय दारूगोळ्याच्या कोठाराभोवती मोठे मोकळे क्षेत्र ठेवावे लागते, आणि ते तिथे मिळाले. खोल पाणी, आडोसा देणारा डोंगर, जवळचा महासागर आणि कोठाराला मोकळी जागा, हे सगळे एका ठिकाणी मिळणे किती दुर्मीळ आहे हे समजले, की पुढचे सगळे राजकारण समजते. मॅडमनी हे अचूक ओळखले आणि राजकारणाच्या आधी नकाशा ठेवला.

त्याच दिवशी त्यांनी त्या पाण्यावर राहणाऱ्या माणसांची बाजूही मांडली. क्लाइडच्या मुखाजवळ 1990 च्या नोव्हेंबरमध्ये ‘अँटारिस’ नावाच्या मासेमारी नौकेच्या जाळ्यात ‘ट्रेन्चंट’ ही सरावावर असलेली पाणबुडी अडकली, नौका पाण्याखाली ओढली गेली आणि तिच्यावरचे चारही मच्छीमार गेले. फासलेनच्या कुंपणाशेजारी 1982 पासून शांतता छावणी आहे आणि इतकी वर्षे कोणी ना कोणी तिथे राहत आले आहे. कूलपोर्टमध्ये 2019 साली पाण्याची वाहिनी फुटली, अण्वस्त्रांवर काम होते त्या भागात पाणी शिरले, आणि ट्रिटियमचा किरणोत्सारी अंश थोड्या प्रमाणात मिसळून ते लॉख लाँगमध्ये गेले. त्याची कागदपत्रे लोकांसमोर आली ती 2025 मध्ये. मला सर्वांत अस्वस्थ करून गेली ती ही शेवटची गोष्ट. नळाला पाणी कोणत्या दिवशी येणार यावर ज्या शहराचे घरचे वेळापत्रक ठरते, तिथल्या माणसाला जुनी वाहिनी वेळेवर न बदलण्याचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागत नाही. गळतीचे प्रमाण कमी होते हे खरे, पण शेजारच्या गावाला ते कळायला सहा वर्षे लागावीत हे योग्य नाही, आणि मॅडमनी हे स्पष्ट शब्दांत सांगितले याचा मी आदर करतो.

तिसऱ्या रविवारी राजकीय भवितव्य होते. सुरुवात आपल्या राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीपासून झाली, आणि परीक्षार्थींना त्यामुळे विषय एकदम हाताशी आला. आपल्याकडे संरक्षण हा केंद्रसूचीतला विषय आहे. तसेच 1998 च्या स्कॉटलंड कायद्याने संरक्षण आणि परराष्ट्र व्यवहार लंडनच्या संसदेकडे राखून ठेवले आहेत. त्यामुळे एडिंबरामधील स्कॉटिश संसदेने 2015 च्या नोव्हेंबरमध्ये ट्रायडंटच्या नूतनीकरणाविरुद्ध 96 विरुद्ध 17 मतांनी ठराव केला तरी त्याने तळावरचा एक खिळाही हलला नाही. पुढच्या वर्षी जुलैमध्ये लंडनच्या संसदेने नव्या पाणबुड्यांना 472 विरुद्ध 117 मतांनी मान्यता दिली. त्या दिवशी स्कॉटलंडच्या 59 खासदारांपैकी 58 जणांनी बाजूने मत दिले नव्हते. हे दोन आकडे शेजारी शेजारी ठेवून मॅडमनी मुलांना विचारले की यातले लोकमत कोणते. अर्धा तास चर्चा झाली. एक मुलगा म्हणाला की देश एक असेल तर मतही एकच मोजावे लागेल. मागच्या रांगेतली एक मुलगी म्हणाली की धोका एकाच खोऱ्यात साठवायचा असेल तर त्या खोऱ्याचे मत वेगळे मोजले पाहिजे. दोघांचेही म्हणणे मॅडमनी फळ्यावर लिहिले आणि कोणतेही खोडले नाही.

स्वातंत्र्याच्या प्रश्नावर 18 सप्टेंबर 2014 रोजी सार्वमत झाले. जवळजवळ 85 टक्के मतदान झाले आणि स्कॉटलंडने सुमारे 55 विरुद्ध 45 टक्क्यांनी ब्रिटनमध्ये राहणे पसंत केले. ज्या आर्गाइल अँड ब्यूट परिसरात हा तळ आहे तिथेही बहुमत ब्रिटनमध्ये राहण्याच्याच बाजूने होते. सार्वमताआधी, 2013 च्या नोव्हेंबरमध्ये, स्कॉटिश सरकारने जी श्वेतपत्रिका काढली तिच्यात स्वतंत्र स्कॉटलंडच्या पहिल्या संसदेच्या मुदतीत, म्हणजे 2020 पर्यंत, ट्रायडंट हलवले जावे असे उद्दिष्ट होते, आणि फासलेन हा स्कॉटलंडच्या स्वतःच्या पारंपरिक नौदलाचा तळ व्हावा असे म्हटले होते. त्याच्या आदल्या वर्षी स्कॉटलंडच्या स्वातंत्र्याची मागणी करणाऱ्या स्कॉटिश नॅशनल पार्टीने नाटोला असलेला जुना विरोध सोडला होता. नाटोत राहायचे आणि नाटोच्या एका प्रमुख देशाची अण्वस्त्रे दाराबाहेर काढायची, या दोन भूमिका एकत्र कशा सांभाळायच्या, हा त्या पक्षापुढचा खरा पेच आहे. मॅडम तो मांडून पुढे गेल्या. माझ्या मते तिथे आणखी पंधरा मिनिटे द्यायला हवी होती, कारण परीक्षेत आणि परीक्षेबाहेरही प्रश्न इथेच येणार आहे. 2022 च्या नोव्हेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने लंडनच्या संमतीविना स्कॉटिश संसदेला सार्वमताचा कायदा करता येणार नाही असा निर्णय दिला, आणि तेव्हापासून तळाचा प्रश्न या मोठ्या प्रश्नाच्या मागे थांबला आहे.

पण समजा, कधीतरी ते घडलेच तर पुढे काय? येथे वर्ग पुन्हा नकाशाकडे वळला. पाणबुड्यांसाठी डेव्हनपोर्ट आहे, पण शेजारी प्लिमथसारखे मोठे शहर असताना वॉरहेडचे कोठार तिथे कोठे करणार? फाल्मथच्या आसपास खोल पाणी आहे, पण गावे आणि पर्यटकांचा किनारा आहे. वेल्समधल्या मिलफर्ड हेवनला आता तेल आणि वायूची साठवण केंद्रे आहेत. संसदेच्या स्कॉटलंडविषयक समितीने 2012 मध्ये म्हटले होते की अण्वस्त्रे काही दिवसांत निकामी करता येतील आणि दोन वर्षांत स्कॉटलंडबाहेर नेता येतील. त्यांना नवे घर बांधायला मात्र पुष्कळ अधिक वर्षे आणि अब्जावधी पौंड लागतील, यावर बहुतेक अभ्यासकांचे एकमत आहे. काढण्याची मुदत आणि नवे घर बांधण्याची मुदत यांच्यामध्ये जी मोकळी वर्षे उरतात, त्यांच्यावरच वाटाघाटी होतील. त्या वर्षांत ब्रिटनची समुद्रातली सलग गस्त, जी 1969 पासून तुटलेली नाही, ती तुटेल का, हा लंडनचा प्रश्न असेल; आणि ती तुटू न देण्याची किंमत म्हणून काय मागायचे, हा एडिंबराचा.

ही वर्षे भाडेपट्ट्याने भरून काढता येतील का, यासाठी मॅडमनी इतिहासातली तीन उदाहरणे दिली आणि ती फार विचारपूर्वक निवडली होती. आयर्लंड 1921 च्या करारानंतर वेगळा झाला तरी तिथली तीन बंदरे ब्रिटनने आपल्या नौदलासाठी ठेवली आणि ती 1938 मध्ये परत केली. सायप्रसला 1960 मध्ये स्वातंत्र्य देताना ब्रिटनने अक्रोतिरी आणि ढेकेलिया हे दोन तळ स्वतःच्या सार्वभौमत्वाखाली राखले, आणि ते आजही तसेच आहेत. सेव्हास्तोपोलचा तळ 1997 च्या करारानुसार रशियाच्या नौदलाने युक्रेनकडून भाड्याने घेतला, 2010 मध्ये मुदत 2042 पर्यंत वाढली, आणि 2014 मध्ये रशियाने क्रायमियाच ताब्यात घेतला. फासलेनला सायप्रससारखा दर्जा देण्याची कल्पना 2013 मध्ये ब्रिटिश वृत्तपत्रांत आली तेव्हा पंतप्रधान कार्यालयाने ती झटकून टाकली होती. यातली कोणती वाट स्कॉटलंडला लागू पडेल यावर मॅडमनी निर्णय दिला नाही. मला विचाराल तर आयर्लंडची वाट सर्वांत जवळची आहे: मुदतीचा करार, लहान मुदतीचा, आणि दोन्ही बाजूंना मनातून नको असलेला. सायप्रसची वाट युरोपातल्या शेजारी लोकशाहीत चालणार नाही, आणि सेव्हास्तोपोलचे नाव घेऊन स्कॉटलंडला घाबरवणे अन्यायाचे होईल.

सध्या मात्र वारे उलट दिशेने वाहत आहे. ‘ड्रेडनॉट’ वर्गाच्या चार नव्या पाणबुड्या बॅरो-इन-फर्नेसमध्ये बांधल्या जात आहेत. त्यांचा अंदाजे खर्च 31 अब्ज पौंड असून आणखी 10 अब्ज राखून ठेवले आहेत, आणि पहिली पाणबुडी 2030 च्या दशकाच्या सुरुवातीला सेवेत येणार आहे. वॉरहेडच्या साठ्याची कमाल मर्यादा 2021 मध्ये वाढवून 260 करण्यात आली. जून 2025 मध्ये ब्रिटिश सरकारने क्लाइडच्या, म्हणजे फासलेनच्याच, तळाच्या नूतनीकरणासाठी तीन वर्षांत 25 कोटी पौंडांची घोषणा केली, आणि त्या कार्यक्रमाच्या नावातच 2070 हे वर्ष आहे. दरम्यान जुन्या पाणबुड्या थकल्या आहेत. ‘व्हॅन्गार्ड’च्या दुरुस्तीला सात वर्षांहून अधिक काळ लागला, आणि बाकीच्या तिघींवर भार पडून गस्ती सहा महिन्यांच्या घरात गेल्या. घरापासून, सूर्यप्रकाशापासून, बातमीपासून सहा महिने दूर राहणाऱ्या खलाशांविषयी वर्गात एक शब्दही निघाला नाही, ही उणीव मी मॅडमना नंतर बोलून दाखवली आणि त्यांनी ती वहीत लिहून घेतली.

चौथा रविवार प्रश्नोत्तरांचा होता. तो दहाला सुरू झाला, कारण वेळ बदलल्याचे आदल्या रात्री उशिरा कळवले गेले आणि बार्शीहून येणारी दोन मुले नऊपासून जिन्यावर बसून होती. पण त्याच दिवशी या वर्गातला मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा प्रश्न आला. विडी कामगाराच्या घरातली एक मुलगी उभी राहिली आणि म्हणाली, ‘‘मॅडम, तळ हलला तर तिथल्या लोकांनी काय करायचं?’’ तळावर लष्करी आणि नागरी मिळून साडेसहा हजारांच्या आसपास माणसे काम करतात; शेजारचे हेलन्सबरा हे गाव चौदा-पंधरा हजार वस्तीचे आहे. स्कॉटलंडच्या कामगार संघटनांची शिखर संस्था ट्रायडंटच्या विरोधात आहे, तर संरक्षण उद्योगातल्या कामगारांच्या काही संघटना नोकऱ्यांसाठी त्याच्या बाजूने उभ्या आहेत. मॅडमनी हे सगळे सांगितले, पण उत्तर पाच मिनिटांत आटोपले आणि पारंपरिक नौदल आले की रोजगार राहील एवढ्यावर थांबवले.

मला ते पुरेसे वाटले नाही. माझे वडील गिरणीत होते. भोंगा वाजला की आमच्या चाळीतली चूल पेटायची. तो भोंगा बंद झाला तेव्हा नवे उद्योग येतील असेच सगळे म्हणत होते. यंत्रमाग आले, टॉवेल आले, पण पन्नाशीच्या जॉबरला त्यात जागा नव्हती. अणुभट्टीचे सुरक्षातज्ज्ञ, पाणबुडीच्या सोनार या ध्वनिलहरींनी शोध घेणाऱ्या यंत्रणेवर काम करणारे तंत्रज्ञ, कोठाराचे पहारेकरी, यांच्यापैकी किती जण साध्या गस्ती नौकांच्या तळावर खपतील, हा प्रश्न त्या मुलीने विचारलेल्या प्रश्नाच्या पोटात होता. अण्वस्त्रे त्या खाडीत नसावीत असे मला मनापासून वाटते; पण ती हलवण्याची तारीख ठरवणाऱ्याने त्याच कागदावर त्या साडेसहा हजारांचे काय हेही लिहिले पाहिजे. या विषयाला पुढच्या वेळी पूर्ण एक रविवार द्यावा, अशी माझी केंद्राला आग्रहाची विनंती आहे.

टिपणांविषयी मात्र कठोरपणे लिहावे लागते. बावीस पानांच्या छापील टिपणात ट्रायडंट ‘अस्ट्यूट’ वर्गाच्या पाणबुड्यांवर असते असे लिहिले आहे. ‘अस्ट्यूट’ या शत्रूच्या नौकांचा माग काढणाऱ्या पाणबुड्या आहेत. त्यांचे घरही फासलेनच, पण त्यांवर अण्वस्त्रे नसतात. 260 ही साठ्याची कमाल मर्यादा आहे, टिपणात ती प्रत्यक्ष संख्या म्हणून दिली आहे. वर्गात मॅडम दोन्ही गोष्टी बरोबर बोलल्या होत्या, तेव्हा टिपण दुसऱ्या कोणीतरी घाईने जुळवले असावे. मी दोन्ही चुका पेन्सिलीने खूण करून दिल्या, त्या मान्यही झाल्या, तरी दुरुस्त प्रत अजून कोणाला मिळालेली नाही. जी मुले परीक्षेत हेच टिपण वाचून जाणार आहेत त्यांच्या दृष्टीने ही लहान गोष्ट नव्हे.

आणखी एक गोष्ट राहून गेली, आणि सोलापूरकर म्हणून तिची मला अधिक हळहळ वाटते. चार रविवारांत भारताचा उल्लेख जेमतेम एकदा आला. फासलेनचे बंदर ज्या 1941 मध्ये झाले, त्याच वर्षी 21 जूनला विशाखापट्टणम येथे सिंदिया जहाजबांधणी गोदीची पायाभरणी राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते झाली, आणि ती उभारणारे वालचंद हिराचंद हे याच सोलापुरात 1882 साली जन्मले. त्याच विशाखापट्टणममध्ये आपली पहिली अण्वस्त्रधारी पाणबुडी ‘अरिहंत’ 2009 मध्ये पाण्यात उतरली, आणि तिचा गिअरबॉक्स इंदापूर तालुक्यातल्या वालचंदनगरच्या कारखान्यात घडला. विशाखापट्टणमच्या दक्षिणेस रांबिल्लीजवळ आपल्या अणुपाणबुड्यांसाठी स्वतंत्र तळ उभा राहतो आहे. तिथेही डोंगर आहे, किनारा आहे, आणि किनाऱ्यावर मच्छीमारांची गावे आहेत. आपल्या शहरातली मुले फासलेनचा दोरा मोजून आली आहेत. तोच दोरा रांबिल्लीच्या नकाशावर ठेवायला त्यांना फार वेळ लागला नसता. समुद्र आपल्यापासून शेकडो किलोमीटरवर असला तरी हा विषय आपल्यापासून तितका दूर नाही.

पुढची तुकडी गड्ड्याची यात्रा आटोपल्यावर सुरू होणार आहे असे केंद्राने सांगितले. आंतरराष्ट्रीय संबंध हा विषय घेतलेल्या मुलांनी आणि शाळेत नागरिकशास्त्र-भूगोल शिकवणाऱ्यांनी सहाशे रुपये जरूर भरावेत. दुसरा रविवार कोणत्याही कारणाने चुकवू नये. पुढच्या रांगेत, टेबलाच्या डाव्या बाजूला बसावे, तिथून नकाशा सुलट दिसतो. आणि टिपण हातात घेताना दुरुस्त केलेली प्रत आहे का ते विचारून, अकराव्या आणि सोळाव्या पानावर पाहून मगच पावतीवर सही करावी.